बारा मिनिटांची फिल्म, आठ वर्षांचा मुलगा आणि जुने मूकपट

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. तुम्ही बारा मिनिटांची, एकही संवाद नसलेली शॉर्ट फिल्म करताय. तालुक्याच्या गावात आई खानावळ चालवते आणि तिचा आठ वर्षांचा मुलगा घरोघरी डबे पोचवतो. पहिला अर्धा भाग गमतीचा आहे. मग एका आजोबांचा डबा तसाच भरलेला परत येतो आणि आजोबा गेले हे मुलाला कळतं. तालमीत पहिल्या भागात मुलगा छान वाटतो, दुसऱ्यात एकदम नाटकी होतो, आणि दोन वेगळ्या फिल्म एकमेकींना जोडल्यासारखं दिसतं. कुणीतरी सुचवलं म्हणून तुम्ही लहान मुलांचे जुने मूक लघुपट पाहिले, पण त्यात सगळे हातवारे करतात आणि सगळं पळत सुटतं. यातून घ्यायचं काय, असं तुम्ही विचारलंय.

मी बरीच वर्षं मुलांबरोबर काम करतो आहे. आधी बालनाट्य, मग सुट्टीतली शिबिरं, आता छोट्या फिल्म. त्या अनुभवावरून सांगतो, तुमची अडचण मुलाच्या अभिनयाची नाही, संहितेची आहे. पहिल्या भागात मुलाला काहीतरी करायचंय: डबे उचलायचे, कुत्र्याला चुकवायचं, जिना चढायचा. दुसऱ्या भागात त्याला काही करायचंच नाही, फक्त वाईट वाटून घ्यायचंय. करायला सांगितलेलं काम कुठलंही मूल मन लावून करतं. पण 'तुला आता खूप दुःख झालंय' म्हटलं की ते टीव्हीवर पाहिलेलं दुःख काढून दाखवतं, म्हणजे ओठ काढतं, खांदे पाडतं आणि तुमच्याकडे बघतं. यात त्याचा दोष नाही. गेल्या शतकाच्या सुरुवातीला ज्यांनी हे लघुपट केले त्यांच्यापुढेही हाच पेच होता, आणि त्यांतल्या चांगल्यांनी तो फार हुशारीने सोडवला. म्हणून ते पाहायचे.

यातलं काही तुमच्या मुलावर अवलंबून आहे, हे आधीच सांगतो. लाजाळू मूल आणि धीट मूल यांना एकच पद्धत चालत नाही. पाच वर्षांच्या मुलाला जे सांगावं लागतं ते आठ वर्षांच्याला सांगितलं तर त्याला अपमान वाटतो. मी तुमचा मुलगा पाहिलेला नाही, तेव्हा खालचं सगळं त्याला बघून वापरा.

आधी ते 'पळतं' त्याचं. त्या काळी कॅमेरा हाताने फिरवत. सेकंदाला साधारण १६ ते २० चौकटी, कंपनी आणि कॅमेरामन बदलला की वेग बदलायचा. ३५ मिलिमीटरच्या एका फूट फिल्मवर १६ चौकटी बसतात. म्हणजे १००० फुटांचं एक रीळ १६ च्या वेगाने साडेसोळा मिनिटं चालतं, आणि तेच २४ च्या वेगाने लावलं की अकरा मिनिटांत संपतं. इंटरनेटवरच्या पुष्कळ प्रती अशा चुकीच्या वेगाने चढवलेल्या असतात. मोठ्या माणसांच्या मारामारीत ते एक वेळ चालून जाईल. मुलाच्या बाबतीत मात्र त्यात नेमकं जायला नको तेच जातं: दारापाशी घुटमळणं, हातातल्या वस्तूकडे पाहणं, मोठ्यांच्या चेहऱ्यावरून अंदाज घेणं. तेव्हा प्लेअरमध्ये वेग पाऊणपट करा, म्हणजे २४ चे १८ होतील. आवाज बंद करा, कारण वर चढवलेलं पियानोचं संगीत बहुतेक वेळा नंतरचं असतं आणि तेच तुम्हाला 'हसा' म्हणून ढोसत असतं. मग पुन्हा पाहा. (विनोदी फिल्ममध्ये पळापळीचे काही प्रसंग मुद्दाम सावकाश फिरवून टिपलेले असत, पडद्यावर गडबड उडावी म्हणून. त्यांना हे गणित लावू नका.)

आता पहिल्यापासून पाहू. ल्युमिएर बंधूंची १८९५ ची माळ्याची फिल्म तुम्ही पाहिली असेल. मिनिटभराचीही नाही. माळी पाणी घालतोय, पोरगा मागून येऊन रबरी नळीवर पाय ठेवतो, पाणी थांबतं, माळी नळीच्या तोंडात डोकावतो, पोरगा पाय काढतो. सिनेमातला पहिला नावाजलेला विनोद हा, आणि तो एका मुलाच्या पायात आहे. तो चेहऱ्याने काहीच सांगत नाही. त्याला दोन कामं दिलीत, पाय ठेवायचा आणि पाय काढायचा. पुढचं पाहा. माळी त्याला पकडतो आणि ओढत पुन्हा पुढे आणून मारतो, कारण कॅमेरा जागचा हलत नाही. तो मार हसण्यावारी जातो, पण कान धरून ओढून आणलेल्या पोराचं शरीर खोटं बोलत नाही. विनोद आणि दुखणं यांच्यात इतकंच अंतर आहे, हे तिथे पहिल्यांदा दिसतं.

त्यानंतरची पंधरा वर्षं सोडून देतो. त्या काळातल्या बहुतेक फिल्ममध्ये मूल म्हणजे पळवून नेण्याची आणि शोधून आणण्याची वस्तू असते. इंग्लंडात सेसिल हेपवर्थने १९०५ मध्ये 'रेस्क्यूड बाय रोव्हर' केली, त्यात त्याची स्वतःची तान्ही मुलगी आणि घरचा कुत्रा होता. ती इतकी खपली की निगेटिव्ह झिजून फिल्म पुन्हा चित्रित करावी लागली. पण अभिनय त्यात कुत्र्याने केलाय, बाळाने नाही.

बदल दिसतो तो पॅरिसमध्ये, गोमाँ कंपनीत. लुई फुयाडने १९१० पासून 'बेबे' नावाची मालिका सुरू केली, क्लेमाँ मारी या पाच वर्षांच्या मुलाला घेऊन. पुढे तोच मुलगा रने दारी या नावाने मोठेपणी नट म्हणून गाजला. १९१२ मध्ये फुयाडने त्याच्या जागी रने पोयाँ हा त्याहून लहान मुलगा आणला, 'बू द झाँ' म्हणून. एका फिल्ममध्ये हा चिमुरडा चक्क हत्ती चोरतो. खरा, जिवंत हत्ती. फुयाडची युक्ती अशी की मुलाला मोठ्यांचा उद्योग द्यायचा आणि तो पूर्ण गांभीर्याने करायला लावायचा. मध्येच पोरगा प्रेक्षकांकडे बघून हसतोही, आणि माझ्या मते तेवढ्या जागा फिक्या पडतात. बाकी वेळ त्याच्या चेहऱ्यावर 'हे काम मला आज उरकायचंय' एवढंच असतं. आपण हसतो ते त्या गांभीर्याला. तुमचा मुलगा पहिल्या भागात छान वाटतो त्याचं कारण हेच असणार. त्याला हसवायचं असतं म्हणून नाही, त्याला डबे सांभाळायचे असतात म्हणून.

तुमच्या कामाची पहिली फिल्म मात्र अमेरिकेतली. न्यू रोशेलला थॅनहाउसर नावाची कंपनी होती. तिथली मेरी एलीन ही मुलगी 'थॅनहाउसर किड' म्हणून ओळखली जायची, मुलांच्या आणि मुलींच्या दोन्ही भूमिका करायची. १९१३ च्या 'द एव्हिडन्स ऑफ द फिल्म'मध्ये ती निरोप्या पोरगा झालीय. एक दलाल या पोराच्या हाती रोखे असलेला लिफाफा देतो, मग रस्त्यात मुद्दाम त्याला धडकतो आणि लिफाफा बदलतो. पोराला पत्ता नसतो. तो लिफाफा पोचवतो, आत नुसते कागद निघतात, चोरीचा आळ पोरावर येतो. त्याची बहीण फिल्म कंपनीत काम करते. ती धडक नेमकी तिथे चालू असलेल्या चित्रीकरणात टिपली गेलीय हे तिला फिल्म तपासताना दिसतं आणि पोरगा सुटतो. एका रिळाची गोष्ट. या फिल्मची प्रत कित्येक दशकं हरवलेली होती, १९९९ मध्ये मोंटानातल्या एका थिएटरच्या प्रोजेक्टर-खोलीत जमिनीवर पडलेली सापडली.

यात लिफाफ्याकडे लक्ष द्या. आधी तो या पोराच्या ऐटीचा विषय आहे, मोठ्यांचं काम आपल्याकडे आलंय. तोच लिफाफा फोडला जातो आणि पोराचा घात होतो. मेरी एलीनला तिथे फार काही 'करून दाखवावं' लागत नाही. वस्तूचा अर्थ बदलला, की मुलाने तिच्याकडे नुसतं पाहिलं तरी पुरतं. तुमच्याकडे डबा आहे. तुम्ही तो दुसऱ्या भागात बाजूला ठेवून मुलाच्या चेहऱ्यावर कॅमेरा नेलाय, आणि जोड उसवलीय ती तिथे.

दुसरी फिल्म, एडिसन कंपनीची, १९१२ ची 'द लँड बियाँड द सनसेट'. शहरातल्या गरीब मुलांना एक दिवस मोकळ्या हवेत नेणाऱ्या 'फ्रेश एअर फंड'च्या सहकार्याने ती केली होती. हॅरॉल्ड शॉ दिग्दर्शक, मार्टिन फुलर हा मुलगा. जो नावाचा पेपरविक्या पोरगा, घरी दारुडी आजी, तिचा मार. एका सकाळी तो निसटून सहलीला जातो, समुद्र पाहतो. तिथे एक बाई मुलांना पुस्तकातून परीकथा वाचून दाखवते: छळ सोसणाऱ्या राजपुत्राला पऱ्या नावेतून सूर्यास्तापलीकडच्या देशात नेतात. परतायची वेळ होते तेव्हा जो लपून राहतो. किनाऱ्यावर एक रिकामी नाव असते. तो ती पाण्यात ढकलतो, आत बसतो आणि जातो. फिल्म संपली.

शेवट तुम्ही पाऊणपट वेगाने, शक्यतो मोठ्या पडद्यावर पाहा. क्लोजअप नाही. अश्रू नाहीत. कॅमेरा किनाऱ्यावरच राहतो, नाव लांब जात जाते, आणि आपल्याला कळत राहतं की पलीकडे कुठलाही देश नाही. मुलाला मात्र त्या वेळी फक्त नाव ढकलायचं काम होतं. नाव जड असते, वाळूत रुतते, त्याचं सगळं लक्ष तिकडे असतं. दुःख त्याच्याकडे दिलेलंच नाही, ते आपल्याकडे दिलंय. माझ्या शिबिरात मी दिग्दर्शन शिकणाऱ्यांना हा शेवट पुन्हा पुन्हा दाखवतो. मुलाला किती कमी माहीत असलं तरी चालतं, आणि प्रेक्षकाला किती जास्त माहीत असावं लागतं, याचं इतकं स्वच्छ उदाहरण मला दुसरं सापडलेलं नाही.

अमेरिकेतला निर्माता हॅल रोच याच्या 'अवर गँग' या पोरांच्या टोळीवरच्या विनोदी लघुपट-मालिकेबद्दल तुम्ही वेगळं विचारलंय. ती मालिका १९२२ मध्ये सुरू झाली. रोच सांगायचा ती हकिकत अशी: एका नटव्या मुलीची चाचणी बघून तो कंटाळला होता. खिडकीतून बाहेर पाहिलं तर लाकडाच्या वखारीतून उचललेल्या फळकुटांवरून पोरं भांडत होती, आणि ते भांडण बघण्यात त्याचा बराच वेळ गेला. पण खरं श्रेय मी दिग्दर्शक रॉबर्ट मॅकगोवनला देतो. बरीच मुलं इतकी लहान होती की त्यांना वाचताच येत नव्हतं. तो चित्रीकरणाच्या अगदी आधी प्रसंग समजावून सांगायचा आणि टेक चालू असताना कर्ण्यातून सूचना देत राहायचा. मूकपट असल्यामुळे त्याचा आवाज फिल्मवर यायचा प्रश्नच नव्हता. १९२९ मध्ये बोलपट आले आणि ही सोय गेली. मुलांना वाक्यं पाठ करावी लागली. त्या पहिल्या बोलक्या फिल्ममधला अवघडलेपणा मूकपटांशेजारी ठेवून पाहिला तर लगेच नजरेत भरतो.

तुमच्याकडे संवाद नाहीत, म्हणजे मॅकगोवनची ती सोय तुमच्याकडे आहे. ती वापरा. जागेवरचा आवाज फक्त संदर्भापुरता घ्या, पावलं आणि डब्याचे आवाज नंतर वेगळे भरा, आणि टेकमध्ये मुलाशी बोलत राहा. बोलताना क्रियापदं वापरा: 'थांब. हात बदल. आता खाली ठेव. झाकण बघ.' भावनेचा शब्द तोंडातून काढू नका. कर्णा नको, जवळ बसून हळू बोला.

या मालिकेबद्दल आणखी एक गोष्ट बोललीच पाहिजे. अर्नी मॉरिसन आणि ॲलन हॉस्किन्स ही काळी मुलं त्यात गोऱ्या मुलांच्या बरोबरीने खेळतात, एकाच टोळीत, एकाच कटात. १९२० च्या दशकातल्या अमेरिकेत ही साधी गोष्ट नव्हती. त्याच फिल्ममध्ये त्यांच्या रंगावरून आणि खाण्यावरून केलेले हिणकस विनोदही आहेत, प्रसंगांमध्ये येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांमध्ये तर फारच. तुमच्या बालकलाकाराला दाखवणार असाल तर आधी स्वतः पूर्ण पाहा. १९२३ ची 'डॉग्ज ऑफ वॉर' मला मुलांना दाखवण्यासारखी वाटते. सडक्या भाज्या-फळांचा दारूगोळा करून पोरं लढाई खेळतात, आणि नंतर फिल्म स्टुडिओत घुसून धुमाकूळ घालतात.

आता जपान. यासुजिरो ओझूने १९२९ मध्ये 'तोक्कान कोझो' नावाचा लघुपट केला. ओ. हेन्रीच्या एका कथेवर आधारलेला. तोमिओ आओकी हा मुलगा. अपहरण करणारा माणूस त्याला वेडीवाकडी तोंडं करून, खाऊ-खेळणी घेऊन देऊन पळवतो आणि आपल्या म्होरक्याकडे नेतो. तिथे पोरगा म्होरक्याला इतका पिडतो की तो म्हणतो, याला परत नेऊन सोड. सोडायला गेल्यावर पोरगा मित्रांना सांगतो की हा काका मागू ते घेऊन देतो, आणि सगळी पोरं त्याच्या मागे लागतात. पूर्ण फिल्म उरलेली नाही, घरगुती प्रोजेक्टरसाठी काढलेली छोटी आवृत्ती मिळते. आओकीने पुढे या फिल्मचं नावच आपलं पडद्यावरचं नाव म्हणून घेतलं. यातून शिकायचं ते आओकीचं स्थिर राहणं. मोठी माणसं त्याच्याभोवती नाचतात, तो फक्त बघतो आणि पुढचं खेळणं उचलतो.

तीन वर्षांनी, १९३२ मध्ये, ओझूने तोच मुलगा घेऊन 'आय वॉज बॉर्न, बट...' या नावाने जगभर ओळखली जाणारी फिल्म केली. ती लघुपट नाही, दीड तासाची आहे. तरी तुमच्या प्रश्नाचं थेट उत्तर तिच्यात असल्यामुळे थांबून सांगतो. दोन भाऊ नव्या वस्तीत राहायला आलेत. आपले बाबा सगळ्यांत मोठे, असं त्यांना वाटतं. एक दिवस बाबांच्या साहेबाच्या घरी घरगुती फिल्म दाखवतात. त्यात बाबा कॅमेऱ्यापुढे माकडचेष्टा करतायत, साहेबाला हसवण्यासाठी. खोलीत सगळे हसतात. मुलांना आधी काही लागत नाही. मग दुसऱ्यांचं हसू ऐकून, बाबांचा चेहरा बघून, त्यांचं हसू विरतं. घरी येऊन ती बाबांना विचारतात, तुम्ही मोठे नाही का? साहेबाच्या मुलापेक्षा आम्ही भारी आहोत, मग तुम्ही त्याच्या बाबांपुढे का वाकता? जेवण सोडतात. सकाळी भाताचे मुटके समोर आले की भुकेपुढे हरतात, बाबांशेजारी बसून खातात.

ओझू विनोद थांबवून दुःख सुरू करत नाही. ज्या माकडचेष्टांना आपण हसलो त्याच दुसऱ्यांदा बघताना लागतात. प्रसंग एकच, बघणारे डोळे बदलले. तुम्ही 'गमतीचा भाग' आणि 'गंभीर भाग' असे दोन कागद केलेत, ते फाडा. पहिल्या भागात जे जे गमतीचं आहे त्यातलंच काहीतरी दुसऱ्या भागात परत यायला हवं, न बदलता.

आपल्याकडचं उदाहरण हवं असेल तर फाळक्यांकडे जा. 'राजा हरिश्चंद्र'मध्ये (१९१३) रोहिदास झाला तो त्यांचा मुलगा भालचंद्र. १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये कृष्ण झाली ती मुलगी मंदाकिनी, तेव्हा सातेक वर्षांची. ही फिल्म बऱ्यापैकी उरली आहे. सुरुवातीला फाळके मंदाकिनीचा नुसता चेहरा दाखवतात, एकामागून एक भाव बदलत जाणारा, आणि मग त्याच मुलीचा कृष्ण होतो. बघा, ही माझी मुलगी, आता हिला देव म्हणून पाहा. मला ती सुरुवात धाडसी वाटते, पण अभिनय शिकण्यासाठी तिच्यापाशी थांबू नका. मुलांच्या अभिनयाची आपल्याकडची सगळी शिकवणी आजही त्या 'आता हस, आता रड'पाशीच अडकली आहे. पुढे जा, खोड्यांच्या प्रसंगांत. तिथे मंदाकिनीला काम आहे, सवंगडी आहेत, आणि ती मोकळी आहे. मग ती डोहात उडी टाकते. फाळके आलटून पालटून पाण्यातली झुंज आणि काठावरचा आकांत दाखवतात. रडण्याचं काम मोठ्यांकडे, झुंजण्याचं काम मुलीकडे. १९१९ मध्ये फाळक्यांना ही वाटणी नीट कळली होती.

थोडक्यात इथपर्यंतचं: मुलाला काम द्या, वस्तू द्या, आधी हसवणारी गोष्टच नंतर लागू द्या, आणि दुःखाचा भार प्रेक्षकावर किंवा मोठ्या नटांवर टाका.

अश्रूंबद्दल तुम्ही विचारलंय ते मी मुद्दाम शेवटाकडे ठेवलं होतं. तुम्ही म्हणता, 'जुन्या फिल्ममधली मुलं खरी रडतात, ते कसं जमवायचे?' काही वेळा फार वाईट रीतीने जमवायचे. चॅप्लिनच्या 'द किड'मध्ये (१९२१) अनाथालयाची माणसं जॅकी कूगन या बालकलाकाराला उचलून नेतात, तो प्रसंग जगाला रडवतो. चॅप्लिनने स्वतः लिहून ठेवलंय की जॅकीला रडू येईना, तेव्हा त्याच्या वडिलांनी त्याला खरोखरच तसल्या ठिकाणी पाठवण्याची धमकी दिली. बेबी पेगी सेंच्युरी कंपनीच्या लघुपटांत आली तेव्हा दोन वर्षांचीही झाली नव्हती. तिची निवड झाली ती सांगितलेलं निमूट ऐकते म्हणून. पुढे मोठेपणी डायना सेरा केरी या नावाने तिने बालकलाकारांच्या हालांवर लिहिलं, धोकादायक प्रसंग आणि बुडालेली शाळा यांसकट. ती २०२० मध्ये, एकशे एकाव्या वर्षी गेली. कूगनने कमावलेले लाखो डॉलर आई आणि सावत्र वडिलांनी उडवले, तो कोर्टात गेला, आणि त्यातून १९३९ मध्ये कॅलिफोर्नियात बालकलाकारांच्या कमाईचा कायदा झाला.

म्हणून मी कुणाच्याही मुलाला फसवून रडवत नाही, आणि तुम्हीही रडवू नका. मुलाला तुमची गोष्ट आधीच, आई-बाबांसमोर, पूर्ण सांगा. आजोबा जातात हेही सांगा. आठ वर्षांच्या मुलाला मरण कळतं, आणि बहुतेकांच्या घरात ते कधीतरी येऊन गेलेलं असतं. त्याच्या स्वतःच्या आजोबांची आठवण काढायला लावू नका. ती त्याची आहे, तुमच्या फिल्मची नाही.

मग तुमच्या फिल्ममध्ये काय करायचं? मी असतो तर असं केलं असतं. डबा दोन खणांचाच घ्या, आठ वर्षांच्या हाताला झेपेल असा, पण तो खरा भरा. रिकामा डबा भरलेला म्हणून धरला की पडद्यावर लगेच कळतं. मनगट सैल राहतं, खांदा वाकत नाही, चाल बदलत नाही. मोठे नटही इथे फसतात. खरं वरण, भात, भाजी भरलेला डबा मुलाच्या हाती द्या आणि चालायला सांगा. तो एका बाजूला कलेल, ठरावीक ठिकाणी हात बदलेल. तेच तुमचं चित्रीकरण.

पहिल्या भागात दोन गोष्टी प्रेक्षकाच्या अंगवळणी पाडा. जाताना डबे जड, मुलगा कलून चालतो, पारापाशी हात बदलतो. येताना डबे रिकामे, तो ते हाताने गोल फिरवतो, कडीवर ताल धरतो, कुत्र्यापुढे वाजवतो. हे सगळं गमतीचं आहे आणि त्याला जमण्यासारखं आहे. दोन-तीन फेऱ्यांत प्रेक्षकाला न सांगता कळेल: झुलतो तो डबा रिकामा.

मग आजोबांच्या दारातून कुणीतरी डबा परत देतं. मुलगा सवयीने तो फिरवायला जातो आणि डबा झुलत नाही. तिथे थांबा. चेहऱ्यावर जाऊ नका, हात आणि डबा दिसेल इतक्या अंतरावर राहा, आणि टेक तुम्हाला वाटतं त्यापेक्षा लांब चालू ठेवा. त्याला फक्त सांगा, 'फिरव. जड आहे ना? मग नीट धर. चल.' तो जड डबा घेऊन परत येताना ज्या पारापाशी जाताना हात बदलायचा, तिथेच हात बदलेल. बस. आईने डबा उघडून पाहणं, तिचा हात थांबणं, हा मोठ्या नटीचा प्रसंग आहे, तो तिला करू द्या. यानंतर मुलाने रडावं असं तुम्हाला वाटणार नाही.

चित्रीकरणाचा क्रमही कथेचाच ठेवा, निदान डब्यापुरता. आधी सगळ्या गमतीच्या फेऱ्या, मग तो एक परतीचा डबा. फिरवायची सवय त्याच्या हाताला खरोखर लागलेली असली तर अडखळणंही खरं येईल. कॅमेरा त्याच्या छातीच्या उंचीवर लावा. मोठी माणसं कमरेपासून वर कापली गेली तर जाऊ द्या, आजोबांचे पाय आणि उंबरा दिसला तरी पुरे. दिवस लांबवू नका. तिसऱ्या तासानंतर मूल तुम्हाला खूश करायला लागतं, आणि तिथून पुढचं फुटेज बहुधा उपयोगाचं नसतं.

पाहायचा क्रम: आधी 'द एव्हिडन्स ऑफ द फिल्म', मग 'द लँड बियाँड द सनसेट', मग 'तोक्कान कोझो'. तिन्ही मिळून एका संध्याकाळी होतात. ओझूची मोठी फिल्म सुट्टीच्या दिवशी पाहा, आणि 'कालिया मर्दन'मधला डोहाचा प्रसंग संकलनाला बसण्याआधी.

तुम्ही विचारलं नाहीत, पण परवानगीचंही बघून घ्या. आपल्याकडे बालकलाकारासाठी २०१७ पासूनचे नियम आहेत. जिथे चित्रीकरण होणार त्या जिल्ह्याच्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, शाळा बुडता कामा नये, आणि मुलाच्या कमाईतले किमान २० टक्के त्याच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवायचे. फिल्म छोटी आहे, पैसे कुणालाच मिळणार नाहीत, असं धरून ही पायरी गाळू नका. आधी जिल्हाधिकारी कार्यालयात चौकशी करा, अर्ज द्या, आणि कागद हातात आल्यावरच तारखा ठरवा.